गोगलगायीचं चुकलंच

हवाई बेटांपैकी ओआहू बेटावर ॲकॅटिनेला अपेक्सफल्वा नावाची झाडावर राहणारी एक गोगलगाय होती. १ जानेवारी २०१९ रोजी तिच्या जातीचा शेवटचा जीव काचेच्या पेटीत मेला आणि तेव्हापासून जगभरची हळवी माणसं मनुष्यजातीच्या नावाने बोटं मोडत बसली आहेत. हे थांबलं पाहिजे. या प्रकरणात माणसाने जे केलं ते चांगल्या हेतूने केलं. त्यातलं बरंचसं कौतुकापोटी केलं आणि उरलेलं रीतसर, सरकारी कागदावर सही-शिक्का घेऊन केलं. गोगलगायीने मात्र सव्वादोनशे वर्षांत स्वतःसाठी इकडची काडी तिकडे केली नाही. चूक कोणाची हे उघड आहे.

मुळात तिने इतकं देखणं असण्याचं कारण नव्हतं. गोगलगाय म्हटली की ती मातकट असावी, कुंडीखाली सापडावी आणि वर मीठ पडलं की तिने निमूट विरघळावं, एवढीच आपली तिच्याकडून अपेक्षा. ही बया बसायची झाडावर, पानाच्या पाठीला चिकटून. शंख जेमतेम दोन सेंटिमीटरचा, पण असा तुकतुकीत की अंधाऱ्या झाडीतही नजर जावी. तपकिरी अंग, त्यावर फिकट पट्टे आणि टोक पिवळं. तिच्या गोतात एकंदर ४१ जाती मोजल्या गेल्या, सगळ्या ओआहूच्याच, जगात दुसरीकडे कुठेही नाहीत. त्यांत कोणी पिवळी, कोणी हिरवट, कोणाला गुलाबी झाक. कोणाचा पीळ उजवा, तर कोणाचा डावा. एवढा ऐवज अंगावर घालून उघड्या फांदीवर राहायचं, आणि शंखाच्या तोंडाला लावायला झाकणसुद्धा नाही! आपल्याकडे एसटीत चढताना बायका मंगळसूत्रावर पदर ओढून घेतात. तेवढा पोच या प्राण्याला नव्हता.

खाण्याच्या बाबतीतही तिने दूरदृष्टी दाखवली नाही. ती पान खात नसे. पानावर धरलेला बुरशीचा पातळ पापुद्रा रात्री बाहेर पडून खरवडायचा आणि पान होतं तसं ठेवून पुढच्या पानावर जायचं, हा तिचा क्रम. झाडाचा तोटा नाही, शेतकऱ्याचा नाही, मळेवाल्याचा नाही. ज्याने कोणाचंच काही बिघडवलेलं नाही त्याची फाईल कोणत्या खात्यात उघडणार? तिने थोडा ऊस जरी कुरतडला असता तरी तिच्या नावाने एक कार्यालय निघालं असतं, वर्षाला अहवाल छापला गेला असता आणि ती नक्की किती उरली आहे हे निदान कोणाला तरी माहीत असतं.

संततीचा प्रश्न तर विचारूच नका. इतर गोगलगायी शेकड्याने अंडी घालून मोकळ्या होतात. ही पिल्लालाच जन्म देणार. ते पिल्लू अंगावर इवलासा शंख घेऊनच बाहेर पडणार, आणि वर्षाकाठी अशी पिल्लं किती, तर बोटांवर मोजण्याइतकी. ते पिल्लू वयात यायला पुन्हा काही वर्षं. बरं, जन्म ज्या झाडावर झाला त्याच झाडावर, फार तर शेजारच्या झाडावर, उभा जन्म काढायचा. नोकरीसाठी गाव सोडावं लागतं, प्रगतीसाठी घर सोडावं लागतं, या साध्या गोष्टी तिला कोणी सांगितल्या नाहीत. हवाईतले मूळचे लोक तर तिचं कौतुकच करत. रात्री रानात या गोगलगायी गातात असं ते म्हणायचे. त्यांच्या गाण्यांत, गोष्टींत तिला मानाची जागा होती. पुढे शास्त्रज्ञांनी सांगितलं की तिला गळाच नाही, गाणारे बहुधा रातकिडे असावेत. दुसऱ्याच्या गाण्याचं श्रेय तिने इतकी वर्षं मुकाट्याने घेतलं, हेही जाता जाता नोंदवून ठेवायला हवं.

अशा निष्क्रिय जिवाला जगापुढे आणलं ते माणसाने. १७८७ साली कॅप्टन जॉर्ज डिक्सन नावाचा इंग्रज दर्यावर्दी ओआहूला आला, तेव्हा त्याला शंखांचा एक हार मिळाला. गळ्यातल्या हारातल्या शंखाचं टोक पिवळं आहे हे त्याने पाहिलं आणि १७८९ साली छापलेल्या प्रवासवर्णनात त्याचं वर्णन, लॅटिन नावासकट, देऊन टाकलं. हवाईच्या जमिनीवरच्या गोगलगायींपैकी शास्त्राच्या वहीत चढलेली ही पहिली. म्हणजे शास्त्राशी तिची ओळख झाली तीच मुळी दोऱ्यात ओवलेल्या, आतून रिकाम्या अवस्थेत. पुढच्या सगळ्या व्यवहाराची दिशा तिथेच ठरली, आणि ती कोणी बदलली नाही याबद्दल माणसाच्या सातत्याचं कौतुक करावं तेवढं थोडं आहे.

१८५० नंतरच्या काही वर्षांत ओआहूवर शंख गोळा करण्याची साथ आली. मिशनऱ्यांची मुलं, पुनाहौ शाळेतले विद्यार्थी, सुट्टी मिळाली की डोंगरात. झाडं हलवायची, फांद्या वाकवायच्या, पिशव्या भरायच्या, घरी येऊन मोजायचं, कोणाकडे नसलेला नमुना आपल्याकडे आहे म्हणून मिरवायचं आणि अदलाबदल करायची. आजची मुलं दिवसभर मोबाईलमध्ये डोकं घालून बसतात अशी तक्रार करणाऱ्यांनी या मुलांचा आदर्श समोर ठेवावा. ती स्वच्छ हवेत फिरली, त्यांचे पाय मजबूत झाले आणि निसर्गाबद्दल त्यांना अपार प्रेम वाटू लागलं. निसर्गाला काय वाटलं याची नोंद नाही.

या मुलांमधला मेरुमणी म्हणजे जॉन थॉमस गुलिक. मिशनऱ्याचा मुलगा, हवाईतच जन्मलेला. विशीच्या उंबरठ्यावर असताना तीन वर्षांत त्याने ४० हजारांहून जास्त शंख जमवले. पण गुलिक नुसता जमवणारा नव्हता, विचार करणारा होता, आणि त्यामुळेच या लेखात त्याच्यासाठी जास्त जागा राखावी लागते. त्याच्या लक्षात असं आलं की ओआहूच्या डोंगरातून समुद्राकडे उतरणाऱ्या दऱ्या एकमेकींना लागून आहेत. झाडं तीच, पाऊस तोच, हवा तीच. तरीही या दरीतली गोगलगाय वेगळी आणि कडा ओलांडून पलीकडे गेलं की तिथली वेगळी. दोन दऱ्यांमधलं अंतर जितकं जास्त, तितका शंखांमधला फरक जास्त. मग हा फरक हवामानाने घडवला म्हणावं तर हवामान सारखंच आहे. गुलिकने उत्तर काढलं: या गोगलगायी एकमेकींपासून अलग राहिल्या, म्हणून वेगळ्या झाल्या. १८७२ साली हे विचार त्याने ‘नेचर’मध्ये छापले, त्याच वर्षी इंग्लंडात डार्विनला भेटला, आणि पुढे चीन-जपानमध्ये धर्मप्रसार करत असतानाही उत्क्रांतीवर लिहीत राहिला. उत्क्रांतीच्या अभ्यासात अलगपणाला आज जे वजन आहे, त्याच्या पहिल्या मानकऱ्यांत त्याचं नाव घेतात.

केवढा मोठा सिद्धांत! आणि किती तर्कशुद्ध रीत! आपापल्या दरीत, कोणाच्या अध्यात-मध्यात न येता राहिल्या म्हणूनच या गोगलगायी इतक्या तऱ्हांच्या झाल्या, एवढं सिद्ध करायला त्यांना दऱ्यांमधून उचलून एका कपाटात शेजारी-शेजारी आणून ठेवावं लागलं. याला म्हणतात पद्धतशीर काम. गोगलगायी कमी झाल्याचा सगळा दोष मुलांच्या पिशव्यांना देणंही अर्थात बरोबर होणार नाही. जंगलतोड होती, बोटींतून आलेले उंदीर होते, आणि १७९३ मध्ये कॅप्टन व्हँकूव्हरने हवाईच्या राजाला भेट म्हणून आणलेली गुरं होती. दहा वर्षं त्या गुरांना मारायचं नाही असा राजाचा हुकूम होता. भेटवस्तूचा मान राखला गेला आणि गुरांनी जंगलाचा फडशा पाडला.

हौसेला मोल नसतं म्हणतात ते केवळ ओआहूपुरतं खरं नाही. फ्लोरिडाच्या दक्षिण टोकाला एव्हरग्लेड्सच्या पाणथळ गवतात झाडांची लहान लहान बेटं आहेत. तिथे लिगस फॅसिएटस नावाची झाडावरची गोगलगाय राहते, शंख बोटभर लांब, त्यावर पिवळ्या, हिरव्या, तपकिरी, गुलाबी रेघा. झाडांचं प्रत्येक बेट वेगळं, म्हणून रेघांची तऱ्हा वेगळी. रंगांचे पन्नासहून जास्त प्रकार संग्राहकांनी नावं देऊन ठेवले आहेत. कोरड्या दिवसांत ती झाडाच्या सालीला स्वतःच्या चिकट स्रावाने स्वतःला डकवून घेते आणि पाऊस येईपर्यंत झोपून राहते. तर या फ्लोरिडात असे दर्दी होऊन गेले की त्यांनी एखाद्या बेटावरचे हवे तेवढे शंख उचलले आणि मग झाडांच्या त्या बेटालाच काडी लावली. का? तर तो प्रकार पुन्हा दुसऱ्या कोणाला मिळू नये. आपल्या कपाटातल्या वस्तूची किंमत वाढवण्याचा इतका स्वस्त उपाय शेअर बाजारात अजून कोणाला सापडलेला नाही. एका काडीपेटीत कितीतरी दुर्मीळ प्रकार तयार होतात.

पापुआ न्यू गिनीच्या मानुस बेटावरची मंडळी त्या मानाने साधी. तिथल्या गोगलगायीचा शंख हिरवागार. गोगलगायींच्या जगात असा हिरवा दुर्मीळ, त्यामुळे दागिन्यांसाठी त्याला मागणी आली. ती राहते उंच झाडांवर. वर चढायचं कशाला? झाड पाडलं की सगळ्या हाताशी येतात. पुढच्या वर्षी शंख कुठून आणायचे हा प्रश्न पुढच्या वर्षीचा. यात निसर्गाने केलेली एक खोडी मात्र सांगायला हवी. तो हिरवा रंग शंखाच्या चुन्यात नसतोच. तो असतो वरच्या अगदी पातळ, कातडीसारख्या थरात. तो थर घासला गेला की खालचा पिवळा उघडा पडतो. म्हणजे झाड पाडून मिळवलेला हिरवा दागिना अंगावर वापरता वापरता पिवळा होण्याची सोय त्यातच आहे. अमेरिकेने १९७० साली या गोगलगायीचं नाव संकटग्रस्तांच्या यादीत घातलं. नाव यादीत आलं की अर्धं काम झालं, हे आपण अनुभवाने जाणतो.

इथपर्यंत झालं ते प्रेमापोटी. पण प्रेमाला मर्यादा असतात. एक मूल एका सुट्टीत किती झाडं हलवणार? खऱ्या मोठ्या कामाला खातं लागतं, आणि खात्याला लागतो एक मंत्र: ‘काहीतरी केलं पाहिजे.’ या तीन शब्दांत जेवढी ऊर्जा साठलेली आहे तेवढी कोयनेच्या धरणात नसेल. काय केलं पाहिजे हे त्यात नसतं, म्हणूनच तो मंत्र सगळीकडे चालतो.

हवाईला या मंत्राची दीक्षा आधीच मिळालेली होती. उसाच्या मळ्यांत उंदीर माजले तेव्हा १८८३ साली मळेवाल्यांनी जमैकाहून मुंगसं मागवली. जमैकाला ती गेली होती कलकत्त्याहून, १८७२ मध्ये. तेव्हा या यशात आपल्या देशाचाही खारीचा, म्हणजे मुंगसाचा, वाटा आहे. मुंगूस उंदीर खातं यात शंका नाही. फक्त उंदीर रात्री हिंडतो आणि मुंगूस दिवसा, त्यामुळे दोघांची भेट व्हायचा योग कमी. मुंगसांनी मग दिवसा उपलब्ध असलेली, जमिनीवर घरटी करणाऱ्या पक्ष्यांची अंडी खाल्ली. उंदीर राहिले, मुंगसंही राहिली. दोन्ही पाळ्या भरल्या.

ज्या कलकत्त्याने मुंगूस दिलं त्याच कलकत्त्याने त्याआधी पंचवीस वर्षं एक पाहुणी घेतली होती. १८४७ मध्ये विल्यम बेन्सन या कंपनी सरकारच्या अधिकाऱ्याने, जो स्वतः शंख-शिंपल्यांचा जाणकार होता, मॉरिशसहून आफ्रिकेची मोठी गोगलगाय आणली आणि ती चौरंगीच्या बागेत सुटली. जाणकार माणूस! अडाण्याने आणली असती तर ती बहुधा वाटेतच मेली असती. ही गोगलगाय वीतभरापर्यंत वाढते, एका खेपेला शेकडो अंडी घालते आणि समोर येईल ते खाते. ही खरी कर्तबगार. १९३६ च्या सुमारास बागेची शोभा म्हणून ती हवाईतही पोचली, शोभा वाढतच गेली आणि शेतकरी ओरडू लागले. आता काहीतरी करणं भागच होतं.

हवाईच्या कृषी खात्याने मग गोगलगाय खाणाऱ्या गोगलगायी आणायला सुरुवात केली. डझनाहून जास्त मांसाहारी जाती आणून सोडल्या. त्यांत बाजी मारली ती १९५५ मध्ये फ्लोरिडाहून आणलेल्या युग्लँडिना रोझियाने. गोगलगाय आणि पोटात पाय ही म्हण हिला पाहूनच केली असावी असं वाटतं. गुलाबी छटेचा निमुळता शंख, अंग करड्या रंगाचं, आणि तोंडाशी मिशांसारखी दोन लांब टोकं. दुसरी गोगलगाय जिथून गेली तिथे चिकट माग राहतो. त्या मागाला ही टोकं लावत ही वास घेत घेत निघते. जातभाईंच्या मानाने ही भलतीच चपळ. माग झाडावर गेला तर झाडावर. सावज लहान असेल तर शंखासकट गिळायचं, मोठं असेल तर शंखात डोकं घालून आतलं ओरबाडून खायचं.

आता युग्लँडिनाच्या जागी आपण असतो तर काय केलं असतं याचा प्रामाणिकपणे विचार करा. खाली शेतात वीतभर लांबीची, जाड कवचाची आफ्रिकन गोगलगाय. वर डोंगरात दोन सेंटिमीटरची, मऊसूत, झाकण नसलेली, पळून न जाणारी, वर्षाला थोडकी पिल्लं देणारी ॲकॅटिनेला. कोणताही सुज्ञ प्राणी वर जाईल. तीही गेली. आजार म्हशीला आणि इंजेक्शन पखालीला, असं आपले लोक उपहासाने म्हणतात. पण इंजेक्शन देणाऱ्याच्या बाजूने पाहिलं तर पखाल लाथ मारत नाही, हा मुद्दाही विचारात घेण्यासारखा आहे.

आफ्रिकन गोगलगाय युग्लँडिनामुळे आटोक्यात आली याचा भरवशाचा पुरावा काही मिळाला नाही. म्हणून प्रयोग थांबला असं मात्र नाही, तो इतर बेटांनी उचलला. फ्रेंच पॉलिनेशियात ताहितीवर १९६७ मध्ये आफ्रिकन गोगलगाय आणली ती खायला, कारण फ्रेंच माणसाला ताटात गोगलगाय लागते. ती ताटातून शेतात गेली. मग १९७४ मध्ये ताहितीवर आणि १९७७ मध्ये मोरेआ बेटावर युग्लँडिना सोडली. मोरेआवर पार्टुला नावाच्या झाडावरच्या गोगलगायींच्या सात जाती होत्या आणि तिथे जीवशास्त्रज्ञ कित्येक वर्षं त्यांच्या शंखांचा अभ्यास करत होते. पट्टे कसे बदलतात, पीळ का फिरतो, नवी जात कशी घडते, असले संपता न संपणारे प्रश्न. दहा वर्षांच्या आत मोरेआच्या रानातून सातही जाती गेल्या आणि संशोधन आपोआप निकाली निघालं. शासनाने अभ्यासकांना एवढ्या झटपट निष्कर्षापर्यंत पोचवल्याचं दुसरं उदाहरण सहजी सापडणार नाही. त्यातल्या काही जिवांना उचलून दूरदूरच्या प्राणिसंग्रहालयांत नेलं म्हणून वंश टिकला. रायाटेआ या दुसऱ्या बेटावरच्या पार्टुला टर्गिडा या जातीची शेवटची गोगलगाय मात्र १९९६ मध्ये लंडनच्या प्राणिसंग्रहालयात एका परजीवीच्या संसर्गाने मेली.

ताहितीतली एक पार्टुला मात्र हट्टी निघाली. पार्टुला हायलिना, शंख पांढरा. पांढऱ्या शंखाला ऊन कमी बाधतं, म्हणून ती जंगलाच्या कडेला, उन्हाच्या कवडशांत राहू शकते. युग्लँडिनाला तेवढं ऊन सोसत नाही. हे शोधून काढण्यासाठी मिशिगन विद्यापीठाच्या संशोधकांनी काही मिलिमीटरचा, जगातला सर्वांत लहान म्हणवला जाणारा संगणक युग्लँडिनाच्याच शंखावर बसवला आणि ती किती उजेडात फिरते ते मोजलं. २०२१ मध्ये निष्कर्ष प्रसिद्ध झाले. सोडताना तिच्यासोबत काही दिलं नव्हतं. चाळीस-पंचेचाळीस वर्षांनी ती कुठे जाते हे पाहायला पाठीवर संगणक दिला. पाठपुरावा म्हणतात तो हाच.

आणि युग्लँडिनालाही काम न जमल्यामुळे पुढे काही बेटांवर एक चपटा किडा सोडण्यात आला, प्लॅटिडेमस मनोक्वारी. त्यानेही स्थानिक गोगलगायीच पसंत केल्या. जगातल्या सर्वांत उपद्रवी अशा १०० परक्या जिवांची एक गाजलेली यादी आहे. तिच्यात आफ्रिकन गोगलगाय आहे, तिच्यावरचं औषध युग्लँडिना आहे, आणि त्याच दुखण्यावरचं दुसरं औषध तो चपटा किडाही आहे. मुंगूससुद्धा आहे. गुणवत्ता यादीत एकाच घरातले इतके विद्यार्थी आल्यावर मुख्याध्यापकांचा सत्कार व्हायला नको का?

खात्यावरच सगळा भार पडू नये म्हणून खाजगी क्षेत्रानेही हातभार लावला. १९७२ मध्ये हौशी लोकांना पाळायला म्हणून आफ्रिकेतून तीन शिंगांचे जॅक्सन सरडे ओआहूत आणले गेले. प्रवासाने ते मलूल दिसत होते, म्हणून त्यांना जरा मोकळी हवा मिळावी या भूतदयेने अंगणात सोडलं. त्यांनी हवा घेतली आणि डोंगर गाठले. पुढे त्यांच्या पोटांत ॲकॅटिनेलाचे शंख सापडले.

एवढ्या सगळ्यांच्या सहभागातून जॉर्ज घडला. १९९७ मध्ये अपेक्सफल्वा जातीच्या उरलेल्या दहा गोगलगायी डोंगरावरून उचलून हवाई विद्यापीठाच्या प्रयोगशाळेत आणल्या. तिथे त्यांना पिल्लं झाली, मग रोगाने एकेक मेली. एकच पिल्लू उरलं. गॅलापागोसच्या एकाकी कासवावरून त्याचंही नाव लोनसम जॉर्ज ठेवलं. या गोगलगायी एकाच वेळी नरही असतात आणि मादीही, पण जोडीला दुसरी लागतेच. तेव्हा जॉर्जकडे दोन्ही सोयी असून उपयोग शून्य. त्याने चौदा वर्षं काचेच्या पेटीत काढली. शाळेतली मुलं त्याला बघायला येत. पूर्वी मुलं शंखासाठी डोंगर चढून जायची, आता बसने येत होती. शिक्षणाचा प्रसार झाला तो असा. २०१७ मध्ये त्याच्या पायाचा दोन मिलिमीटरचा तुकडा कापून सॅन डिएगोच्या गोठवलेल्या प्राणिसंग्रहालयात पाठवला, कधी तरी त्यातून दुसरा जॉर्ज करता यावा म्हणून. हा दुसरा जॉर्ज झाला की त्याला डोंगरावर सोडतील. त्याला खाणारी मंडळी तोवर तिथे राखून ठेवलेली आहेतच.

मागे उरलेल्या जातींची व्यवस्थाही चोख आहे. ॲकॅटिनेलाच्या सगळ्याच्या सगळ्या जाती अमेरिकेने १९८१ मध्ये संकटग्रस्त ठरवल्या, तोवर त्यांतल्या पुष्कळ संपलेल्या होत्या, त्यामुळे काम हलकं झालं होतं. ओआहूच्या डोंगरांत आता जंगलाचे लहान तुकडे भिंतीने बंदिस्त केले आहेत. त्या भिंतीचं कलाकौशल्य पाहण्यासारखं. उंदराला चढता येऊ नये असा गुळगुळीत पत्रा. युग्लँडिनाने चढायचं ठरवलं तर पुढे खाली वळलेली पत्र्याची कड, जिथून तिची पकड सुटते. ती पार केलीच तर कापलेल्या जाळीची टोकं. आणि तेवढ्यावरही भागलं नाही तर विजेच्या तारा. आत डोंगरावर मूळची राहणारी गोगलगाय, बाहेर बाकी सगळे. यातल्या बऱ्याच गोगलगायींची निगा अमेरिकेचं लष्कर राखतं, कारण त्यांचं रान लष्कराच्या सरावाच्या जमिनीला लागून आहे आणि कायद्याने ती जबाबदारी त्यांच्यावर येते. जगातल्या सर्वांत बलाढ्य सैन्याचे पगारी लोक हातात बॅटरी घेऊन रात्री पानं उलटून गोगलगायी मोजतात. दोन सेंटिमीटरच्या जिवाला झेड प्लस सुरक्षा. गुलिकच्या काळात हे भाग्य तिला मिळालं असतं का?

आपल्याकडे मात्र या बाबतीत अजून फारच मागासलेपण आहे. कलकत्त्यात उतरलेली ती आफ्रिकन गोगलगाय यथावकाश महाराष्ट्रातही स्थिरावली. २०२२ च्या खरिपात लातूर, बीड, उस्मानाबाद जिल्ह्यांत शंखी गोगलगायींनी सोयाबीनचे कोवळे कोंब रातोरात फस्त केले, शेतकऱ्यांवर दुबार पेरणीची वेळ आली, पंचनामे झाले. आणि उपाय काय सुचवले? गुळाच्या पाण्यात भिजवलेली गोणपाटं बांधावर टाका, त्याखाली जमलेल्या गोगलगायी सकाळी वेचा, मिठाच्या किंवा साबणाच्या पाण्यात बुडवा, शेताभोवती चुन्याचा पट्टा ओढा. बाया-माणसं बादल्या घेऊन वाकून वाकून वेचत होती. ना परदेश दौरा, ना मांसाहारी गोगलगाय, ना चपटा किडा. एवढ्या मोठ्या संकटात कोणाला हवाईची आठवण होऊ नये, हे आश्चर्य आहे.

खरं म्हणजे आपल्याकडे परिस्थिती अतिशय अनुकूल आहे. लातूरच्या सोयाबीनपासून सह्याद्री लांब पडतो हे मान्य. पण वाटेत ट्रक आहेत, कुंड्या आहेत, रोपवाटिका आहेत. सह्याद्रीच्या रानात पावसाळ्यात झाडांवर आणि ओल्या कातळांवर कोणाचंही काही न खाणाऱ्या, जगात इतरत्र कुठेही नसलेल्या गोगलगायी पुष्कळ आहेत. त्यातल्या कित्येकींचा नीट अभ्यासही झालेला नाही, त्यामुळे गेल्या तरी आकडेवारीत फरक पडणार नाही. युग्लँडिनाच्या जेवणाची आबाळ होईल अशी भीती बाळगण्याचं कारण नाही. फ्लोरिडात ती मुबलक मिळते, वाहतुकीला सोपी आहे आणि आपल्या हवेत तिला रुळायला वेळ लागू नये. पाहणी दौऱ्यासाठी हवाईच घ्यावं, तिथला अनुभव दांडगा आहे. आता प्रस्ताव टाकला तर पुढच्या खरिपाआधी टेंडर निघायला हरकत नाही.